माझ्या नंबरवरचे तेवीस नागरिक

एक गोष्ट आधीच स्पष्ट करते, म्हणजे पुढे गैरसमज नको. मी एजंट नाही. माझी कुठे टपरी नाही, टेबल नाही, ‘सर्व प्रकारचे फॉर्म भरून मिळतील’ अशी पाटी नाही. मी एक पदवीधर, विवाहित, अडीच वर्षांच्या मुलीची आई आहे आणि कुठल्याही कागदावर सही करण्याआधी तो उलटा करून मागची बाजूही वाचणारी बाई आहे. ‘नियम व अटी मान्य’ या चौकोनात खूण करण्याआधी त्या नियम व अटी खरोखर वाचणारी मी आमच्या इमारतीत तरी एकटीच असेन. आणि तरीही पालिकेच्या कॉम्प्युटरवर माझ्या नावापुढे लाल अक्षरांत ‘संशयित मध्यस्थ’ असं आलं.

मला फक्त एक फॉर्म भरायचा होता हो!

फॉर्म मुंगीचा. मुंगी म्हणजे आमची कन्या. कागदावर तिला चांगलं चार अक्षरी नाव आहे, पण दिसेल ती वस्तू उचलून कुठल्या तरी फटीत नेऊन ठेवणं हा तिचा पूर्णवेळ व्यवसाय असल्यामुळे घरात तिला सगळे मुंगीच म्हणतात. आमच्या घरापासून सात मिनिटांवर पालिकेची बालशाळा आहे. (मी तीन वेळा चालून पाहिलंय. मुंगीच्या पावलांनी एकोणीस मिनिटं, वाटेत मांजर भेटलं तर तेवीस.) जागा साठ, निवड सोडतीने. दुसरी बालशाळा दोन बस बदलून. मुंगीला इथे प्रवेश मिळाला, तर मला माझी प्रयोगशाळेतली नोकरी परत मिळणार होती. तिथल्या मोठ्या बाईंनी माझी जागा नव्या सत्रापर्यंत राखून ठेवली होती, आणि ‘त्यापुढे मात्र नाही हं’ असं प्रेमाने बजावलंही होतं. प्रवेश मिळाला नाही, तर पुढची दोन वर्षं घरात मी, मुंगी आणि फटी.

अर्ज निघायला अजून तीन महिने होते. पण अर्ज करायचा तर आधी पालिकेच्या संकेतस्थळावर ‘नागरिक खातं’ उघडावं लागतं, असं मला कळलं. आणि तीन महिन्यांनंतरच्या गोष्टीची काळजी आजच करून टाकावी, म्हणजे पुढचे तीन महिने दुसऱ्या काळज्यांना मोकळे राहतात, असा माझा शिरस्ता आहे.

माझ्या फोनचा पडदा नेमका ‘पुढे’ हे बटण येतं तिथे तडकलेला. नवऱ्याला म्हटलं, तुझा ऑफिसचा लॅपटॉप दे अर्धा तास.

“ऑफिसच्या मशीनवर खासगी काम करत नाहीत,” तो म्हणाला. त्याच मशीनवर त्या वेळी सामना चालू होता.

तोडगा काढला समोरच्या काकूंनी. समोरच्या काकूंकडे प्रत्येक अडचणीवर तोडगा असतो. बऱ्याचदा अडचण यायच्या आधीच असतो. “वाचनालयात जा ना,” त्या म्हणाल्या. “तीन कॉम्प्युटर आलेत देणगीत. दीड वर्ष झालं, कोणी हात लावलेला नाही. अगदी नवे कोरे आहेत.”

वाचनालय म्हणजे एक लांबलचक खोली. मधोमध वर्तमानपत्रांचं टेबल, वर एक पंखा, भिंतीभर कपाटं आणि ‘शांतता राखा’ अशा पाच पाट्या. कोपऱ्यात तीन कॉम्प्युटर, शेजारी एक छपाईचं यंत्र, आणि तिन्ही कॉम्प्युटरांना फुलाफुलांच्या कापडाचे, झालर लावलेले झगे. ते ग्रंथपालबाईंनी स्वतः शिवले होते.

“वापरायचाय?” ग्रंथपालबाईंनी असं विचारलं, जसं काही मी त्यांच्या लेकीला मागणी घालायला आले होते. “मधला चांगला आहे. पण जपून. आणि लहान मुलीचा हात लागायला नको.”

मी खिशातला रुमाल काढून माउस पुसला. ते पाहून त्यांचा चेहरा जरा निवळला.

झगा काढला, बटण दाबलं, कॉम्प्युटरने एक सुरेल आवाज केला, आणि वर्तमानपत्राच्या टेबलावरची पाच माणसं उठून माझ्या मागे येऊन उभी राहिली. मी माझं नाव टाईप केलं. मागून कोणीतरी ‘वा!’ म्हणालं. अहो, बारा वर्षं शिकवून माझ्या एकाही शिक्षकाने मला ‘वा’ म्हटलं नव्हतं.

माझं खातं झालं. आणि तिथेच मी उठायला हवं होतं.

“ताई, तुमचं झालं की माझं एक बघता का?” हे विचारणाऱ्या इस्त्रीवाल्या मावशी. आमच्याच गल्लीच्या तोंडाशी त्यांचं टेबल असतं. दुपारी इस्त्री निवेपर्यंत त्या वाचनालयाच्या पंख्याखाली येऊन बसायच्या.

“काय आहे मावशी?”

“डोळे दाखवायला दवाखान्यात गेले होते. खिडकीवरचा म्हणाला, आता वेळ कॉम्प्युटरवरून घ्यायची. मी म्हटलं, अरे मी समोर उभी आहे ना, तूच दे की. तर म्हणतो, समोर उभं राहून मिळत नाही.”

मी त्यांना खुर्चीत बसवलं. म्हटलं, माउस तुम्हीच धरा. मावशींनी माउस हातात घेतला आणि टेबलाच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत, चांगला दाब देऊन, फिरवला. टेबलाला एकही सुरकुती राहिली नाही. बाण मात्र पडद्याबाहेर गेला तो गेलाच.

नाव झालं, पत्ता झाला. मग आला मोबाइल नंबर.

“मोबाइल मुलाच्या खिशात असतो,” मावशी म्हणाल्या. “मुलगा कामावर. सात वाजता येतो.”

ओटीपी नावाचा जो सहा आकडी प्राणी आहे, त्याचं आयुष्य दोन मिनिटांचं. सात वाजेपर्यंत तो कुठला जगतो! मी म्हटलं, “असू दे, तात्पुरता माझा नंबर टाकते.”

‘तात्पुरता’ या शब्दावर खरं म्हणजे बंदी घालायला हवी. आमच्याकडे न्हाणीघराची कडी तात्पुरती सुतळीने बांधलेली आहे, त्याला चार वर्षं झाली.

मावशींना डोळ्यांच्या डॉक्टरांची वेळ मिळाली. मावशी खुर्चीवरून अशा उठल्या की जणू त्यांचं ऑपरेशनही झालं. मग त्यांच्या मागे उभे असलेले कुलूपवाले आजोबा बसले. त्यांच्या दुकानाच्या परवान्याचं काम होतं. त्यांच्याकडे मोबाइल होता, चक्क शर्टाच्या आतल्या खिशात, वर सेफ्टी पिन लावून.

“नंबर मी कोणाला देत नाही,” आजोबा म्हणाले. “पन्नास वर्षं कुलपं करतोय पोरी. ज्याच्याकडे तुझा नंबर, त्याच्याकडे तुझी अर्धी किल्ली.”

“मग ओटीपी कुठे पाठवायचा आजोबा?”

“तुझ्याकडे पाठव. तुझं तोंड विश्वासाचं आहे.”

आता यावर कोण नाही म्हणेल? पुढच्या गुरुवारी समोरच्या काकू आल्या. त्यांचा फोन घरी चार्जिंगला. मग कोणाचा फोन नवऱ्याकडे, कोणाचा सुनेकडे, कोणाकडे फोनच नाही. पुष्कळ घरांत माणसं पाच आणि फोन एक, आणि तो एक नेहमी घराबाहेर गेलेला, हे मला त्या कोपऱ्यातल्या खुर्चीत बसून कळलं. दोन आठवड्यांनी ग्रंथपालबाईंनी मला न विचारताच फळ्यावर लिहिलं : ‘कॉम्प्युटर मदत, मंगळवार व गुरुवार, ३ ते ५. (शांतता राखून.)’ झग्यांच्या त्यांनी पिशव्या शिवल्या.

आणि खरं सांगू? मजा यायची. आजोबा प्रत्येक बटण दाबताना कान खाली नेऊन ‘टक’ ऐकायचे, नाही ऐकू आलं तर पुन्हा दाबायचे, त्यामुळे त्यांच्या दुकानाच्या नावात चार ‘कु’ होते. मावशी महिन्याभरात इतक्या तयार झाल्या की नव्या माणसाला खुर्चीत बसवून ‘घाबरायचं नाही, चटका बसत नाही याचा’ असं समजवायच्या. घरी नवरा म्हणायचा, “लष्कराच्या भाकऱ्या भाजतेयस.” मी म्हणायचे, भाजतेय तर भाजतेय, तुला कुठे वाढायला सांगतेय!

फक्त माझा फोन. तो आता माझा राहिला नव्हता. दिवसभर टिंग टिंग. ‘आपली नेत्रतपासणी सोमवारी दहा वाजता.’ ‘आपल्या श्वानाचा लसीकरण दाखला तयार आहे.’ ‘आपली पाण्याची तक्रार समाधानकारकरीत्या मिटवण्यात आली आहे.’ (पाणी आलं नव्हतं. मी तीन मजले चढून विचारून आले.) एकदा जेवताना नवऱ्याने माझा फोन उचलला आणि वाचलं : ‘अभिनंदन! प्रौढांच्या नृत्यवर्गात आपली जागा निश्चित झाली आहे.’

“तू नाच शिकणारेस?” त्याने विचारलं.

सासूबाईंचा घास हातातच राहिला.

आता तो संदेश कोणाचा, हे मला पक्कं ठाऊक होतं. गुडघ्यांमुळे तीन वर्षं आमचा जिना न चढलेल्या समोरच्या काकूंचा. पण मी विश्वासाचं तोंड! मी काय सांगणार? “बघू, विचार चाललाय,” म्हटलं. सासूबाई त्या दिवसापासून मुंगीला सांगायच्या, “आईला नाचू दे हो, तिलाही हौसमौज असते.” माझ्या अब्रूचा हा पहिला हप्ता.

तीन महिने असे गेले. सोमवारी बालशाळेचे अर्ज खुले झाले, शुक्रवारी पाच वाजता बंद होणार होते. मी सोमवारी सकाळी नऊ वाजून एक मिनिटाने अर्ज भरला. मुंगीचा दाखला, फोटो (चौदावा; आधीच्या तेरांत तिच्या तोंडात काही ना काही होतं), सगळं जोडलं. आणि गुरुवारी संध्याकाळी माझ्या फोनवर, तीन महिन्यांत पहिल्यांदाच, माझ्यासाठी संदेश आला : ‘आपला अर्ज रोखण्यात आला आहे. कारण : संशयित मध्यस्थ.’

त्या रात्री आमच्या घरी सल्लागार मंडळाची बैठक झाली. नवरा म्हणाला, “मी म्हटलंच होतं.” काय म्हटलं होतं ते त्यालाही आठवेना. वरच्या मजल्यावरचे, जमीनमोजणी खात्यातून निवृत्त झालेले मोजणीकाका म्हणाले, “सरळ नंबर बंद करून टाका. नंबरच नाही तर संशय कोणावर?” सासूबाई म्हणाल्या, “तिथल्या साहेबांना जाऊन नीट सांग. रडू आलं तर आवरू नकोस.”

शुक्रवारी दहाला मी मुंगीला कडेवर घेऊन पालिकेत. खिडकी क्रमांक सहा. (दोन, नऊ आणि चार या खिडक्यांचा प्रवास वगळते. फक्त इतकंच सांगते की चार नंबरला बारा मिनिटं माझी रांग होती, ती खिडकी नव्हती, बंद कपाट होतं.) सहा नंबरचे साहेब सौम्य होते. त्यांनी पडदा माझ्याकडे वळवला.

“बाई, तुमच्या नंबरवर चोवीस खाती आहेत.”

“हो. एक माझं आहे.”

“बाकीच्या तेवीस जणांकडून काय घेता?”

“घेते? अहो, मी शिकवते त्यांना! वाचनालयात!”

“वाचनालय वेगळ्या विभागाकडे येतं,” साहेब म्हणाले. “नियम चौदा बघा. एक नंबर, एक खातं. वाचला नव्हता का?”

मी! मला हा प्रश्न! “वाचला होता,” मी म्हटलं. “पण तो ‘व्यावसायिक वापर’ या मथळ्याखाली होता. मला वाटलं, तो व्यवसाय करणाऱ्यांसाठी आहे. आणि नियम होता तर मशीनने चोवीस खाती उघडू कशी दिली?”

“खातं उघडताना मशीन विश्वास ठेवतं,” साहेबांनी समजावलं. “प्रवेश देताना ठेवत नाही.”

माणसांपेक्षा हे बरं म्हणायचं की वाईट, ते मला अजून ठरवता आलेलं नाही.

“मग तुम्ही ती तेवीस खाती काढून टाका ना माझ्यावरून.”

“मला अधिकार नाही. ज्याचं खातं त्याने स्वतः आत जाऊन नंबर बदलायचा. तेवीसही बदलले की लाल खूण आपोआप जाते. पाचच्या आत गेली, तर अर्ज पुढे सरकेल. पाचनंतर मीही नसतो,” ते म्हणाले, आणि मुंगीच्या मुठीतून आपला स्टेपलर हलकेच सोडवून घेतला.

तेव्हा अकरा चाळीस झाले होते. शुक्रवारी वाचनालय दोनला उघडतं. म्हणजे हातात तीन तास. मी बाहेर येऊन फोन काढला, सगळ्यांना बोलावू म्हणून, आणि पायरीवरच बसले. माझ्याकडे त्या तेवीस जणांपैकी एकाचाही नंबर नव्हता. सगळ्यांचा नंबर माझाच होता!

तर मग जे झालं, ते कुठल्याही यंत्राशिवाय झालं. समोरच्या काकू गॅलरीत उभ्या राहिल्या आणि त्यांनी ज्या आवाजात हाका मारल्या, त्याला कुठल्याही टॉवरची गरज नव्हती. मावशींनी इस्त्रीच्या प्रत्येक गठ्ठ्यात एक चिठ्ठी खोचली : ‘दोन वाजता वाचनालय. मुंगीची शाळा अडलीय.’ आणि कडक घड्या नेहमीपेक्षा लवकर पोचवल्या. दोनला पाच कमी असताना मी वाचनालयाच्या दारात पोचले, तेव्हा बाहेर रांग होती. कोणी नवऱ्याचा फोन दोन तासांसाठी मागून आणला होता, कोणी सुनेलाच फोनसकट आणलं होतं. मोजले. बावीस. कुलूपवाले आजोबा तेवढे नव्हते.

“येतील,” काकू म्हणाल्या. “दोन गल्ल्या पलीकडे कोणाचं तरी दार अडकलंय.”

ग्रंथपालबाईंनी परिस्थिती पाहिली, पुस्तकांची कार्डं काढली आणि टोकन म्हणून वाटायला सुरुवात केली. कामाची पद्धत अशी : आधी खात्यात जायचं, मग जुन्या नंबरवर, म्हणजे माझ्या फोनवर, एक ओटीपी येणार, मग त्यांच्या फोनवर दुसरा. तीन कॉम्प्युटर, दोन-दोन आकडे, वेळ दोन मिनिटं. मी मधे उभी राहून ओरडत होते. “सात दोन नऊ, एक एक शून्य! हा कोणाचा?” “माझा!” “नाही, माझा!” वर्तमानपत्र वाचणारे एक गृहस्थ ‘शांतता!’ म्हणाले. ग्रंथपालबाई सवयीने ‘शू’ म्हणाल्या, आणि लगेच माझ्या खांद्यावरून वाकून त्याहून मोठ्याने ओरडल्या, “अहो सात दोन नऊ, श्वानवाले कुठे गेले?”

मी एकाच्याही माउसला हात लावला नाही. लावायला वेळच नव्हता. पण ज्या बाई पहिल्या दिवशी कॉम्प्युटरला नमस्कार करून मागे सरल्या होत्या, त्या स्वतः ‘नंबर बदला’ शोधत होत्या, सापडला की शेजारच्याला दाखवत होत्या. समोरच्या काकूंच्या खात्यात नृत्यवर्गाचं पान भलंमोठं उघडलं. सगळ्या वाचनालयाने ते वाचलं. काकूंनी चष्मा सावरला आणि म्हणाल्या, “डॉक्टरांनी सांगितलंय.” मी त्यांच्याकडे अशा काही नजरेने पाहिलं, की आज संध्याकाळी सासूबाईंना हे सांगायला त्या स्वतः येतील, एवढं नक्की झालं.

इस्त्रीवाल्या मावशींची पाळी आली. “मुलाचा नंबर सांगा मावशी.”

“मुलाचा नको,” मावशी म्हणाल्या. त्यांनी कमरेच्या पिशवीतून एक फोन काढला, प्लास्टिकसुद्धा न काढलेला. “मागच्या महिन्यात घेतला. माझा आहे.”

“अहो, मग बोलला नाहीत!”

“कोणी नंबर विचारलाच नाही अजून,” मावशी म्हणाल्या, आणि दहा आकडे न अडखळता म्हणून दाखवले. पाठ केले होते. बहुतेक रोज म्हणत असाव्यात.

चार वाजून वीस. उरले तीन. मी हात पुढे केला, आणि फोन नव्हता.

टेबलावर नव्हता, पिशवीत नव्हता, खुर्चीखाली नव्हता. मुंगी वर्तमानपत्रांच्या टेबलाखाली बसून अगदी निरागस चेहऱ्याने पायाचा अंगठा बघत होती. तो चेहरा मी ओळखते.

“मुंगे, फोन कुठाय?”

“झोपलाय,” मुंगी म्हणाली.

कॉल करून उपयोग नव्हता; वाचनालयाच्या नियमाप्रमाणे मी रिंग बंद केली होती, संदेशाची टिंग तेवढी चालू होती. बावीस माणसं कपाटांवर तुटून पडली. तेव्हा मावशींनी एकदम हात वर केला. “थांबा! कोणी हलू नका. ज्यांचं राहिलंय त्यांच्या खात्यातून मी ओटीपी मागवते. वाजेल ना तो!”

सगळे जागच्या जागी थांबले. मावशींनी बटण दाबलं. त्या खोलीत अशी शांतता पसरली की पंख्याची कुरकुरसुद्धा उद्धट वाटली. मी ग्रंथपालबाईंकडे पाहिलं. त्यांचे डोळे मिटलेले होते. एकोणीस वर्षांच्या नोकरीत त्यांना हवी होती तशी शांतता त्यांना पहिल्यांदा मिळत होती, आणि ती त्यांना पुरती उपभोगायची होती.

टिंग.

खालच्या फळीवर, शब्दकोशाच्या खंडांमागे. माझा फोन, चार टोकनं, अर्धी पेन्सिल, आणि मंगळवारपासून हरवलेला वाचनालयाचा शिक्का.

चार चाळीसला एक खातं उरलं. आजोबांचं. आणि आजोबा आले, हातात किल्ल्यांचा जुडगा, घामाघूम. “कुलूप चांगलं होतं,” म्हणाले, “फोडायला जीव होत नव्हता.” खुर्चीत बसले. आम्ही सगळे त्यांच्याभोवती गोळा झालो.

“पासवर्ड टाका आजोबा.”

आजोबांनी मागे वळून पाहिलं. “एवढ्या लोकांसमोर?”

“पाठ करा सगळ्यांनी,” ग्रंथपालबाई कडाडल्या. आम्ही सगळे वळून कपाटांकडे तोंड करून उभे राहिलो. मी कृषिविषयक ग्रंथांसमोर होते. मागून टक, टक, टक. मग मोठा उसासा.

“चूक म्हणतंय.”

पुन्हा टक, टक. पुन्हा चूक. तिसऱ्यांदा चुकलं की खातं दिवसभर बंद, हाही नियम मी वाचलेला होता. “आजोबा, आठवून बघा हो. कुठे लिहून ठेवलाय का?”

“किल्ली कोणी लिहून ठेवतं का?” आजोबा रागावले. “आणि आता कोणी बोलू नका. कुलूप डोळ्यांनी उघडत नसतं.”

मी कृषिविषयक ग्रंथांच्या काचेत पाहिलं. त्यांनी डोळे मिटले होते आणि कान बटणांजवळ नेला होता. एकेक बटण हळू दाबत होते, आवाज पटला की पुढचं. टक. टक. टक. टक.

“उघडलं,” आजोबा म्हणाले, जसं काही त्यात काय मोठंसं.

टाळ्या वाजणार होत्या, पण चार एक्कावन्न झाले होते. मी एकटीच वळले. “आता तुमचा नंबर आजोबा.”

आजोबांचा हात शर्टाच्या सेफ्टी पिनेवर गेला आणि तिथेच थांबला. मला सासूबाईंचा सल्ला आठवत होता, पण रडायलाही वेळ नव्हता. आजोबांनी माझ्याकडे पाहिलं, मग खाली, मुंगीकडे. ती त्यांच्या बुटाच्या लेसमध्ये शिक्का खोचत होती.

“ही शाळेत गेली, तर तू कामावर जाणार?”

“हो.”

“मग मंगळवार-गुरुवार?”

हा विचार मी केला नव्हता. इतक्या काळज्यांत ही एक काळजी कशी राहिली, कोण जाणे. “सुट्टीच्या दिवशी येईन,” मी म्हटलं. “पण मंगळवार-गुरुवार मावशी आहेत की. त्या माझ्यापेक्षा बरं शिकवतात.”

मावशी गडबडून ग्रंथपालबाईंकडे बघायला लागल्या. ग्रंथपालबाईंनी खडू उचलला आणि फळ्यावर तेव्हाच नाव घालून टाकलं.

आजोबांनी सेफ्टी पिन काढली. नंबर टाईप केला, एकेक आकडा मोठ्याने म्हणत, सगळ्या वाचनालयाला ऐकू जाईल असा. “घ्या,” म्हणाले. “वळा आता. ज्याला बघायचाय त्याने बघावा.”

चार छप्पन्नला लाल खूण गेली. चार अठ्ठावन्नला अर्ज पुढे सरकला. माझा फोन गप्प झाला. इतका गप्प, की घरी जाताना मी तो बंद तर पडला नाही ना, हे दोनदा बघितलं.

पण अर्ज सरकणं म्हणजे प्रवेश मिळणं नव्हे. सोडतीची यादी दहा दिवसांनी, सकाळी अकराला संकेतस्थळावर येणार होती. मी दहा पन्नासपासून फोन घेऊन बसले. अकरा वाजले, आणि पान उघडेना. गोल फिरतंय, फिरतंय. अकरा दहा. अकरा वीस. नवऱ्याने ऑफिसच्या मशीनवर, खासगी काम म्हणून, प्रयत्न केला. तिथेही गोल. मोजणीकाका वरून ओरडले, “सोडत रद्द झाली असणार!” शेवटी मी मुंगीला उचललं आणि वाचनालयाकडे धावले.

दार ढकललं. आत सगळे होते. तीन कॉम्प्युटरवर तिघे, त्यांच्या मागे बाकीचे, हातात आपापले किंवा मागून आणलेले फोन, आणि प्रत्येकाच्या पडद्यावर तेच पान, तोच गोल.

“ताई, थांबा,” इस्त्रीवाल्या मावशी मान न वळवता म्हणाल्या, “अकरापासून बघतोय आम्ही. उघडेल की.”

“किती वेळा दाबलंत?”

“सगळे दाबतोय सारखे,” आजोबा अभिमानाने म्हणाले.

ग्रंथपालबाईंच्या लक्षात आलं. “अहो, आपणच सगळे मिळून दार अडवून बसलोय! सगळ्यांनी बंद करा! मावशी, एकट्या तुम्ही उघडा.”

बाकीच्यांनी नाइलाजाने फोन खाली घेतले. मावशींनी एकदाच, हलक्या हाताने बटण दाबलं, आणि यादी आली. मला बघवेना. मी मुंगीच्या केसांत तोंड खुपसून उभी राहिले. मावशी वरून खाली पडद्यावर बोट फिरवत वाचत होत्या, सावकाश, एकही ओळ न सोडता. तीसपर्यंत आल्या. चाळीसपर्यंत आल्या.

“त्रेचाळीस,” आईच्या रकान्यात माझं नाव पाहून मावशी थांबल्या. मुंगीचं कागदावरचं नाव त्यांनी आयुष्यात प्रथमच वाचलं, अक्षर अक्षर सुटं करून. “हे आपलंच का हो ताई?”

“आपलंच,” मी म्हटलं, आणि मग आवरलं नाही.

पुढची दहा मिनिटं मला नीट आठवत नाहीत. काकू नाचल्या, हे मात्र नक्की; गुडघे उत्तम आहेत. त्या गडबडीत आजोबांनी यादी छापायचं बटण दाबलं. ‘टक’ ऐकू आलं नाही म्हणून पुन्हा दाबलं. दुसऱ्या कॉम्प्युटरवर काकूंनी दाबलं, तिसऱ्यावर श्वानवाल्यांनी. कोपऱ्यातलं छपाईचं यंत्र पावणेदोन वर्षांची झोप मोडून जागं झालं आणि कागद टाकत सुटलं. ग्रंथपालबाई ‘अहो कागद! अहो कागद!’ करत धावल्या, तोवर एकोणतीस प्रती झाल्या होत्या.

“फुकट नाही जाऊ द्यायच्या,” मावशी म्हणाल्या, आणि एकेकाने एकेक प्रत उचलली. त्रेचाळिसाव्या ओळीवर प्रत्येकाने पेनने खूण केली, कोणी फुलीची, कोणी गोलाची, आजोबांनी छोट्याशा किल्लीची. मग ज्याने त्याने आपापला कागद घडी घालून खिशात ठेवला. मावशींची घडी अर्थातच सगळ्यांत सरळ होती.